परजीवी गांधीलमाश्या ओळखायला शिकायचंय? मग अळीपासून सुरुवात करा

झाडावरची एखादी अळी आणून डबीत ठेवली, रोज ताजी पानं घातली, आता फुलपाखरू निघेल म्हणून वाट बघत बसलो आणि एक दिवस अळी मरगळली नि तिच्या अंगातून पंधरा-वीस बारीक पांढऱ्या अळ्या बाहेर येऊन तिथल्या तिथे कापसासारखे कोष विणून बसल्या, हे अळ्या पाळणाऱ्या बऱ्याच जणांनी बघितलेलं असतं. काहींना वाटतं अळीने अंडी घातली. (अळी कुठून अंडी घालणार, ती अजून लहान बाळ आहे!) त्या असतात परजीवी गांधीलमाशीच्या अळ्या, तिने आधीच ह्या अळीत अंडी घातलेली असतात. माझ्याकडे पहिल्यांदा हे झालं तेव्हा मी 'कीड लागली' म्हणून डबीसकट फेकून दिलं, आणि आता आठवलं की स्वतःचाच राग येतो कारण त्या डबीत मला हवं ते सगळं होतं: यजमान (ज्याच्यावर परजीवी वाढतो तो) कोण ते माहीत, कुठल्या झाडावर होता ते माहीत, तारीख माहीत, फक्त चार-आठ दिवस थांबायचं होतं.

तर तुम्ही फेकू नका.

आधी थोडं शब्दांचं बघू

मराठीत आपण उवेलाही परजीवी म्हणतो आणि ह्या माश्यांनाही परजीवीच म्हणतो, पण फरक मोठा आहे. ऊ, गोचीड वगैरे यजमानावर जगतात पण सहसा त्याला मारत नाहीत, मारलं तर त्यांचंच नुकसान. ह्या गांधीलमाश्यांची अळी मात्र यजमानाला खाऊन संपवते, एका यजमानावर वाढते आणि शेवटी तो मरतोच. ह्यासाठी 'पॅरासिटॉइड' हा वेगळा शब्द फिनलंडच्या ओडो रॉयटर यांनी १९१३ साली काढला. खाली मी सोयीसाठी परजीवीच लिहितोय पण अर्थ हा धरा.

अजून दोन जोड्या माहीत असू द्या, सगळीकडे भेटतात. अळी यजमानाच्या बाहेर चिकटून खाते की आत राहून, म्हणजे एक्टो की एंडो. आणि दुसरं, आई अंडं घालताना यजमानाला डंख मारून कायमचं लुळं करते की त्याला खाऊ-पिऊ-वाढू देते आणि मग पोरं सावकाश आतून पोखरतात. पहिल्याला इडिओबायोंट, दुसऱ्याला कॉइनोबायोंट. वरच्या डबीतली अळी शेवटपर्यंत पानं खात होती ना, म्हणजे दुसरा प्रकार.

स्टेप १: गांधीलमाशीच आहे ना ते बघा

नावात माशी आहे म्हणून फसू नका. खऱ्या माशीला दोन पंख, गांधीलमाशीला चार, फक्त पुढचा आणि मागचा पंख बारीक आकड्यांनी एकमेकांत अडकलेले असतात त्यामुळे लांबून दोनच वाटतात. डबीतून टॅकिनिड नावाच्या केसाळ माश्याही निघतात, त्याही अळ्यांच्या परजीवीच, पण तो गट पूर्ण वेगळा. मुंग्या, मधमाश्या, गांधीलमाश्या आणि सॉफ्लाय हे सगळे हायमेनोप्टेरा ह्या एका गणातले. आजपर्यंत नावं दिलेल्या प्रजाती दीड लाखाच्या वर आहेत आणि त्यात परजीवींचा वाटा प्रचंड.

कंबर बघा. सॉफ्लायला कंबर नसते, सरळ जाड धड. बाकीच्यांना बारीक कंबर असते, त्यांना अ‍ॅपोक्रिटा म्हणतात. इथे एक गंमत लक्षात ठेवा, पुढे 'की' (key, म्हणजे एकेक खूण बघत नावापर्यंत नेणारा तक्ता) वापरताना कामाला येते: ही कंबर छाती आणि पोट यांच्या मधली नाहीये, पोटाचा पहिला भाग छातीला चिकटून गेलाय आणि कंबर त्याच्या मागे आहे. म्हणून ह्या विषयात छाती-पोट न म्हणता पुढच्या भागाला मेसोसोमा आणि मागच्याला मेटासोमा म्हणतात. मला आधी वाटायचं उगाच अवघड शब्द वापरतात लोक.

जुन्या पुस्तकांत अ‍ॅपोक्रिटाचे सरळ दोन भाग केलेले दिसतील, परजीवी ते 'पॅरासिटिका' आणि नांगीवाल्या त्या 'अ‍ॅक्युलियाटा'. हे सोयीचं आहे पण वंशावळीला धरून नाही, कारण नांगीवाल्या ह्या परजीवींच्याच एका फांदीतून आल्या. नांगी म्हणजे मुळात अंडी घालायची नळीच, तिचं काम बदललं. म्हणून तर नर मधमाशी डंख मारत नाही, नळी फक्त मादीला असते.

स्टेप २: गोळा करणं, आणि त्यातही पाळणं

जाळी घेऊन गवतावरून झाडू मारल्यासारखं फिरवलं तरी दहा मिनिटांत शंभर बारीक किडे मिळतात. पिवळ्या बशा ठेवायच्या, त्यात पाणी आणि भांडी धुवायच्या साबणाचे दोन-चार थेंब, म्हणजे किडा तरंगत नाही बुडतो. पिवळ्या रंगाकडे हे बारीक परजीवी फार ओढले जातात. बशा एक-दोन दिवसांत उपसा, नाहीतर किडे सडतात. जरा मोठं काम करायचं असेल तर मॅलेझ ट्रॅप, म्हणजे जाळीचा तंबू ज्याच्या वरच्या कोपऱ्यात अल्कोहोलची बाटली असते. स्वीडनच्या रेने मॅलेझ यांना दिसलं की तंबूत शिरलेले किडे वरच्या कोपऱ्याकडे जातात, त्यावरून ही कल्पना, १९३७ साली त्यांनी ती छापली आणि आजही जवळपास तशीच वापरतात.

पण खरं सांगू का, नवख्याने ट्रॅपने सुरुवात करू नये असं माझं मत. एका आठवड्यात हजारो किडे जमतात, कोणाचं काही माहीत नसतं, बाटल्या कपाटात जातात आणि तिथेच राहतात. त्यापेक्षा दहा अळ्या, पाच मावा लागलेली पानं, दोन अंड्यांचे पुंजके असं आणून पाळा. तेव्हा 'ही माशी ह्या यजमानातून ह्या तारखेला निघाली' एवढं तरी ठामपणे सांगता येतं, आणि ही माहिती अनेक प्रजातींबाबत अजून कोणाकडेच नाही. नाव चुकलं तर नंतर कोणीतरी दुरुस्त करेल, पण यजमान कोण होता ते तुमच्याशिवाय कोणी सांगू शकत नाही.

पाळताना एका डबीत एकच यजमान. हा नियम मी मोडलाय आणि भोगलंय, दोन वेगळ्या अळ्या एका डबीत ठेवल्या, कोष मिळाले, आणि कोणाच्या अंगातून आले ते आजतागायत माहीत नाही. डबीत टिश्यू पेपर घाला, दव साचलं की बुरशी येते. कोष मिळाले की अळीपासून वेगळे करून छोट्या नळीत ठेवा, शक्य असेल तर एकेक कोष वेगळा, कारण परजीवीवरही परजीवी असतात, हायपरपॅरासिटॉइड. कोटेशिया नावाच्या परजीवी गांधीलमाशीचे पांढरे कोष असतील आणि त्यातून चकचकीत हिरवी बारीक माशी निघाली तर ती अळीची नाही, कोटेशियाची परजीवी असायची शक्यता जास्त, आणि हे कळलं नाही की यजमानाची नोंद चुकीची जाते नि ती चूक पुढे यादीयादीतून फिरत राहते.

मावा हा शिकायला सगळ्यात बेस्ट. पानावर मेलेला फुगीर, टणक झालेला मावा दिसला तर ती ममी. तपकिरी-सोनेरी ममी असेल तर आत बहुतेक ब्रॅकोनिड नावाच्या गटातला अ‍ॅफिडियस किंवा त्याचे भाऊबंद, काळी असेल तर अ‍ॅफेलिनस, आणि माव्याच्या खाली छोटा तंबू विणलेला असेल तर प्राऑन. निघून गेलेल्या ममीचं भोकसुद्धा बोलतं: नीट गोल, झाकणासारखं कापलेलं असेल तर मूळ परजीवी, आणि कडा वेड्यावाकड्या कुरतडलेल्या असतील तर हायपर. भिंगातून हे पहिल्यांदा दिसलं तेव्हा मी घरातल्या सगळ्यांना बोलावून दाखवलं, कोणाला फारसं कौतुक वाटलं नाही ते सोडा.

माशी बाहेर आली की लगेच मारू नका, दिवसभर राहू द्या, रंग आणि पंख पक्के होतात. काही कोष महिनोन् महिने झोपून राहतात, म्हणून 'मेलं वाटतं' म्हणून टाकू नका. चावतात का? बारीकसारीक बहुतेकांची नळी आपल्या कातडीत जातच नाही. रात्री दिव्याला येणाऱ्या मोठ्या लालसर इक्न्यूमोनिड गटातल्या टोचू शकतात, बेथिलिड गटातल्या डंखतात, आणि मुंगीसारखी दिसणारी केसाळ बिनपंखी म्युटिलिड मादी दिसली तर हात लावू नका, फार जोरात डंखते.

स्टेप ३: अल्कोहोल, लेबल, कार्ड

डीएनए करायचा विचार असेल तर ९५ टक्के इथेनॉल आणि फ्रीझर. नुसतं बघायचं असेल तर ७० टक्के चालतं, किडा मऊ राहतो, ९५ मध्ये कडक होऊन पाय तुटतात. एकदा अल्कोहोल बदला कारण किड्यांच्या अंगातलं पाणी त्यात मिसळून ते पातळ होतं.

लेबल पेन्सिलीने लिहून बाटलीच्या आत टाका. आत! बाहेर चिकटवलेलं निघून जातं, आणि बॉलपेनची शाई अल्कोहोलमध्ये विरघळते, माझ्या एका अख्ख्या पावसाळ्याच्या बाटल्यांमध्ये निळसर पाणी आणि कोरे कागद शिल्लक राहिले होते. जागा, अक्षांश-रेखांश, तारीख, कोणी गोळा केलं, कसं केलं, यजमान कोण, तो कुठल्या वनस्पतीवर होता. महिना रोमन आकड्यात लिहायची पद्धत आहे कारण ३/४ म्हणजे तीन एप्रिल की चार मार्च हे वाचणाऱ्याला कळत नाही. आणि यजमानाची कात, ममी, कोष, जे उरलं असेल ते त्याच माशीसोबत ठेवा.

बारीक किड्यांना पिन मारता येत नाही, त्यामुळे कडक कागदाचा छोटा त्रिकोण कापून त्याच्या टोकावर पाण्यात विरघळणाऱ्या गोंदाच्या टिपक्याने बाजूने चिकटवतात. अल्कोहोलमधून काढून तसाच वाळवला तर बारीक किडा मनुक्यासारखा सुरकुततो, म्हणून प्रयोगशाळेत एचएमडीएस नावाचं रसायन किंवा क्रिटिकल पॉइंट ड्रायर वापरतात. घरी हे रसायन नकोच, वास आणि वाफ दोन्ही वाईट. घरी अल्कोहोलमध्येच ठेवा. एक मिलिमीटरच्या खालच्यांना स्लाइडच करावी लागते, कॅनडा बाल्सम नावाच्या पारदर्शक राळेत, ते शिकायला कोणीतरी समोर बसून दाखवणारं हवं, व्हिडिओ बघून माझ्या निम्म्या स्लाइडमध्ये बुडबुडे आले.

स्टेप ४: मोठ्या गटांत वाटणी

१० पट मोठं दाखवणारं साधं भिंग सुरुवातीला पुरतं, पण फॅमिलीपर्यंत (म्हणजे कुळापर्यंत) जायचं तर स्टिरिओ मायक्रोस्कोप लागतोच. लाइट थेट मारू नका, धातूसारख्या चमकणाऱ्या अंगावर नुसता झगमगाट दिसतो. किड्याभोवती ट्रेसिंग पेपरची नळी करून बाहेरून लाइट सोडा, एकदम सगळे खड्डे-रेषा दिसायला लागतात. फुकटची युक्ती आहे, आणि महागड्या मायक्रोस्कोपइतका फरक पडतो.

आता पंख बघा. पंखात शिरांचं नीट जाळं, पुढच्या कडेला गडद ठिपका, अँटेना लांब नि कोपरासारख्या न वाकलेल्या, भरपूर मणी: इक्न्यूमोनॉइडिया. ह्यात दोनच मोठ्या फॅमिल्या, इक्न्यूमोनिडी सुमारे २५ हजार प्रजाती आणि ब्रॅकोनिडी २० हजारांच्या वर. दोघींत फरक करायला पुढच्या पंखाच्या बाहेरच्या अर्ध्यात बघा, तिथे दुसरी आडवी शीर असेल, जिला २एम-सीयू म्हणतात, तर इक्न्यूमोनिडी. नसेल तर ब्रॅकोनिडी. शिवाय इक्न्यूमोनिडीत पंखाच्या मध्ये एक मोठा कप्पा घोड्याच्या तोंडासारखा दिसतो, एकदा दिसला की विसरता येत नाही. अपवाद आहेत, पण पहिल्या शंभर नमुन्यांत एखादाच भेटेल.

पंखात जवळपास काहीच नाही, पुढच्या कडेला एकच शीर आणि तिला छोटा फाटा, अँटेना कोपरासारखी वाकलेली, अंग बऱ्याचदा हिरवं-निळं चमकणारं: कॅल्सिडॉइडिया. इथे खरी मजा आणि खरी डोकेदुखी. नाव दिलेल्या प्रजाती २२ हजारांच्या वर, खऱ्या किती असतील तर पाच लाखांपर्यंत अंदाज केले जातात. काही सोप्या खुणा:

मागच्या पायाची मांडी फुगलेली आणि खालच्या कडेला दाते असतील तर कॅल्सिडिडी, फुलपाखरांच्या कोषातून निघतात. तशीच मांडी पण अंडी घालायची नळी पाठीवर वळवून ठेवलेली आणि पंख लांबीच्या दिशेने घडी घातलेले, मग ल्युकोस्पिडी. पिठ्या ढेकणातून निघाली आणि टुणकन उडी मारते, मधल्या पायाला मोठा काटा: एन्सिर्टिडी. पांढऱ्या माशीच्या पिल्लांतून निघालेल्या पिवळट बारीक बहुतेक अ‍ॅफेलिनिडी. पंख दांड्यासारखे अरुंद आणि कडेने लांब केसांची झालर म्हणजे मायमॅरिडी, ज्यांना फेअरीफ्लाय म्हणतात. ह्यातल्याच डायकोपोमॉर्फा एक्मेप्टेरिजिसचा नर ०.१३९ मिलिमीटर, माहीत असलेला सगळ्यात छोटा प्रौढ कीटक, त्याला पंख नाहीत नि डोळेही नाहीत. आणि उंबर फोडल्यावर जे उडतं त्यातल्या परागीभवन करणाऱ्या अ‍ॅगाओनिडी.

पायाच्या शेवटच्या बारीक पेऱ्या मोजा, ही सवय लावाच. पाच असतील तर बरेच पर्याय उघडे, चार असतील तर बहुधा युलोफिडी, तीन असतील आणि पंखावरचे केस रांगेत असतील तर ट्रायकोग्रॅमॅटिडी. मायमॅरिडीत चार किंवा पाच, त्यामुळे पंख बघितल्याशिवाय पेऱ्यांवर जाऊ नका.

जुनी की वापरताना एक गोष्ट. टेरोमॅलिडी ही फॅमिली म्हणजे इतकी वर्षं 'बाकी कुठे बसत नाही ना, टाका इथे' अशी अडगळीची खोली होती. २०२२ मध्ये बऱ्याच संशोधकांनी मिळून तिची फोड केली आणि कॅल्सिडॉइडियाच्या एकूण फॅमिल्या ५० झाल्या. म्हणजे तुमच्या कीने टेरोमॅलिडी सांगितलं तर आधी की कुठल्या सालची आहे ते बघा.

उरलेल्या पटकन सांगतो. काळ्या, बारीक, अँटेना तोंडाजवळून निघालेल्या, पोटाच्या कडा धारदार, आणि अंड्यांतून निघाल्या असतील तर सेलिओनिडी. पोट बाजूंनी चपटं आणि पंखात त्रिकोणी कप्पा: सिनिपॉइडिया. छोटं पोट झेंड्यासारखं वरखाली हलवत घरातल्या भिंतीवर फिरते ती इव्हॅनिडी, झुरळाच्या अंड्यांच्या पुड्यांवर वाढते, मारू नका तिला. तुडतुड्याच्या अंगावर फोडासारखी पिशवी दिसली तर ती ड्रायनिडीची अळी, हिच्या मादीच्या पुढच्या पायाला बऱ्याचदा चिमटे असतात.

फॅमिल्यांसाठी जगभर वापरलं जाणारं इंग्रजी पुस्तक म्हणजे गुले आणि ह्युबर यांनी संपादित केलेलं, १९९३ साली कॅनडाच्या कृषी खात्याने छापलेलं, चित्रं अप्रतिम. की चालवायला शिकताना आधी ज्याचं उत्तर माहीत आहे असा किडा घ्या, म्हणजे कुठल्या वळणावर आपण चुकतो ते कळतं. आणि मादी घ्या, बऱ्याच की मादीवर लिहिलेल्या असतात.

स्टेप ५: प्रजातीच्या नावाची घाई

नवख्यांची सगळ्यात मोठी चूक ही. फोटो काढला, तसाच दिसणारा फोटो नेटवर सापडला, टाकलं नाव. अहो फॅमिलीपर्यंत बरोबर गेलात तरी खूप झालं, जीनस (प्रजातीच्या वरची पायरी) मिळाला तर पार्टी करा.

ट्रायकोग्रामाचं बघा, पिकांवर सोडायला जगात सगळ्यात जास्त वाढवलेल्या परजीवींपैकी एक. वर्षानुवर्षं लोक रंगावरून, केसांवरून प्रजाती ठरवत होते, पण रंग तर वाढताना मिळालेल्या तापमानानेही बदलतो. १९६८ ते १९७१ च्या दरम्यान सुधा नागरकट्टी आणि एच. नागराज ह्या भारतीय संशोधकांनी दाखवलं की नराचं जननांग बघितल्याशिवाय खात्री नाही, आणि त्यानंतर आधीची कितीतरी नावं पुन्हा तपासावी लागली. अर्धा मिलिमीटर किड्याचं जननांग, तेही स्लाइडवर. आता तुमचा मोबाइलचा फोटो आठवा.

नाव चुकल्याने काय बिघडतं? आफ्रिकेत कसावा पिकावर पिठ्या ढेकूण आला तेव्हा त्याचे परजीवी शोधायला लोक त्याच्या मूळ खंडात, दक्षिण अमेरिकेत गेले. खंडाच्या उत्तर भागात तसाच ढेकूण सापडला, त्याचे परजीवी आणले, पण ते चालेनात, कारण तो ढेकूण वेगळ्याच प्रजातीचा निघाला, फेनाकोकस हेरेनी. खरा फेनाकोकस मॅनिहोटी १९८१ मध्ये पॅराग्वेत सापडला, त्याच्यावरची लोपेझी नावाची एन्सिर्टिड आणली, आणि ती आफ्रिकेत पसरून पीक वाचलं. म्हणजे इथे तर परजीवीचं नाही, यजमानाचं नाव चुकलं होतं.

डीएनए बारकोड म्हणाल तर सीओआय नावाच्या जीनचा ६५८ अक्षरांचा तुकडा वाचतात. नर-मादी जुळवायला, अळी आणि प्रौढ जुळवायला भारी. पण त्यावरच प्रजाती लिहायच्या का ह्यावर भांडण आहे, २०२१ मध्ये कोस्टा रिकातल्या ४०० च्या वर ब्रॅकोनिड प्रजाती मुख्यतः बारकोडवर जाहीर झाल्या तेव्हा बरीच टीका झाली. माझं मत विचाराल तर बारकोड करा पण किडाही जपून ठेवा, नाहीतर पुढच्याला फक्त अक्षरं मिळतील.

स्टेप ६: तज्ज्ञाकडे पाठवताना

आधी मेल करा, न विचारता पार्सल पाठवू नका, ह्या लोकांकडे आधीच कपाटं भरलेली असतात. फोटो पाठवणार असाल तर वरून, बाजूने, चेहरा, आणि पंख पसरलेला असा एक, लांबीसाठी बाजूला पट्टी. यजमान कोण ते मेलच्या पहिल्या ओळीत लिहा, पाळून मिळालेला नमुना म्हटलं की उत्तर लवकर येतं हा माझा अनुभव. संरक्षित जागेतून गोळा केलं असेल तर परवानगीचा कागद लागतो, आणि देशाबाहेर पाठवायचं तर नागोया करार (जैविक संपत्तीच्या वापराबद्दलचा आंतरराष्ट्रीय करार) आणि आपापल्या देशाचे जैवविविधतेचे नियम आडवे येतात, तेव्हा शक्यतो जवळच्या संग्रहालयात किंवा कृषी विद्यापीठात कोणी बघतंय का ते शोधा.

आणि पार्सलमध्ये अल्कोहोल असेल तर कुरियरवाल्याला आधी विचारा, ते ज्वलनशील मालात मोडतं. मी बाटलीतलं जवळजवळ सगळं अल्कोहोल काढून किडे ओल्या टिश्यूत ठेवतो, नळीचं झाकण टेपने बंद, ती नळी पिशवीत, पिशवी डब्यात. लेबल मात्र तिथेही नळीच्या आतच.